हद्द

तो उभा राहतो तिथे पुलाचा कठडा
मधोमध जरा फुटलेला आहे.
अलीकडची चौकी म्हणते, फुटक्या जागेपुढं आमची हद्द नाही.
पलीकडची म्हणते, पाय कुठे होते त्याचे, अलीकडेच ना?
मी पाय पाहिले नव्हते, साहेब.
मी हेल्मेटची काच खाली ओढून
ॲक्सिलेटर पिळला होता.

लक्ष्मी रोडला चष्म्याच्या दुकानात
दिवसभर भिंगं बदलत मी विचारते :
हे बरं, की हे? आता दिसतंय?
तेच विचारावंसं वाटलं गवारे हवालदारांना,
फोन पुढे केला तेव्हा.
एकशे बारा मिस्ड कॉल,
गाडीच्या सीटवर ब्लेडनं कोरलेलं माझं नाव,
आणि एक फोटो, त्यात माझ्याच जिन्यात माझीच चप्पल.
त्यांनी फोन हातभर लांब धरला.
(चाळिशी. दीड नंबर असेल.)
म्हणाले, अंगाला हात लावला का?
नाही.
मग.

एनसी लिहिली. नंतर म्हणाले, समज देतो.
दिली असावी, चहाही दिला असावा,
कारण त्याच रात्री मेसेज आला :
तुमच्या गवारेसाहेबांचा चहा फार गोड.

आई म्हणाली, रस्ता बदल.
बदलला. दोन महिने म्हात्रे पुलावरून गेले,
पेट्रोल जास्त जाळलं,
आणि एका बुधवारी तो तिथेही.
हद्द झाली बाई, आई म्हणाली,
आणि मला कधी नव्हे ते हसू फुटलं.
कुणाची गं?

शिवाजीनगर कोर्टात तांबोळी वकीलबाई
टायपिस्टच्या टेबलाला टेकून उभ्याउभ्याच बोलतात.
रडा, पण तारखा सांगा.
वरिष्ठांना रजिस्टर पोस्टानं पाठवलं होतं? पावती?
होती. देव्हाऱ्यात, करंड्याखाली.
मग एकशे छप्पन तीन करू, म्हणाल्या,
कायदा बदलला, नंबर बदलला,
जिभेला अजून कळलेलं नाही.

टायपिस्टनं माझं वर्ष साडेचार पानांत बसवलं.
अर्जदार हिस. सदर इसम.
सदर इसम!
इतके महिने त्याचं नाव तोंडात आलं की चूळ भरावीशी वाटायची,
आता तो इसम झाला, सदर झाला,
परिच्छेद सातमध्ये गुपचूप बसला.

पहिल्या तारखेला कोर्ट रजेवर.
पुढच्या दोन तारखांना पोलिसांचा अहवाल नाही.
दुकानात अर्ध्या रजांचा हिशेब दाभाडेशेठ
कॅलेंडरवर पेन्सिलीनं करतात, मला दिसेल असा.

मग पुकारा झाला :
रेवती बाबूराव खळदकर!
वडील जाऊन अकरा वर्षं झाली.
त्यांचं नाव इतक्या मोठ्यांदा
मध्यंतरी कुणी घेतलं नव्हतं.

न्यायाधीशबाईंनी चष्मा कपाळावर सरकवला,
फोटो नाकाजवळ नेला.
(उणे चार तरी. जवळचं नीट दिसतं अशांना.)
चपलेकडे बराच वेळ पाहत राहिल्या.
मॅडम, हद्दीचा प्रश्न आहे, कुणीतरी म्हणालं.
पूल नदीवरच आहे ना? आणि नदी पुण्यात?
कुणी हसलं नाही.
आधी गुन्हा नोंदवा, म्हणाल्या, हद्द मागनं मोजा.

चार ओळी. नक्कल मिळायला नऊ दिवस.
दहाव्या दिवशी गवारेंनी खुर्ची पुढे केली.
मी उभ्यानेच सही केली;
खुर्ची नको होती असं नाही,
बसले असते तर रडले असते.

परवा पुलावर गाडी लावली.
फुटका कठडा सापडला. तिथे कुणी नव्हतं,
म्हणजे त्या वेळी नव्हतं.
मी पाय पाहिले, माझे.
एक अलीकडे, एक पलीकडे.

पुढची तारीख सोळा.
दाभाडेशेठना अजून सांगायचंय.